सात खोल्या आणि एक ठिगळ

मी एक जुनी सुती चादर आहे. मित्रांनो, मला पाहून नाक मुरडू नका. माझ्या अंगावर सिनेमा उमटला आहे, आणि तोही एकदा नव्हे.

मागावरून उतरले तेव्हा मी पांढरीशुभ्र होते. एका घड्याळजीच्या घरी माझं बरं चाललं होतं. मग त्या घरावर देश सोडायची वेळ आली. घड्याळजीच्या बायकोने घाईघाईत सारा संसार माझ्यात बांधला. गाठ मारताना मी टरकन फाटले, तेव्हा तिने आपल्या निळ्या झग्याचा तुकडा कापून मला तळहाताएवढं ठिगळ लावलं. "तुम्ही पोरीला घेऊन पुढे व्हा. मी सासूबाईंना घेऊन मागाहून येते," ती म्हणाली. ती आली नाही.

परक्या मुलखात बापलेकीने सात खोल्या बदलल्या. बायकोचा विषय निघाला की घड्याळजी उठून जात. लेक मोठी होऊन सिनेमे करू लागली. तिच्या एका सिनेमात ना गोष्ट, ना माणसं. नुसत्या त्या सात खोल्या. वडील म्हणत, "भिंती काय बघायच्या? घरात आहेत की." पण तो सिनेमा तिने त्यांच्यासाठीच केला होता. त्यांनी एकदा तरी आईबद्दल बोलावं, एवढीच तिची आस होती.

पडदा मीच. मला भिंतीवर ताणून ती चित्रं पाही, कापी, जोडी. प्रत्येक खोलीत माझं ठिगळ निळ्या खिडकीसारखं दिसे. दोन वर्षांत तिला त्याची इतकी सवय झाली, की ती खिडकी सिनेमातलीच आहे असं ती धरून चालली.

एका दुपारी सभागृहात खेळ ठरला. वडील कसेबसे आले. प्रोजेक्टर माझ्यातच गुंडाळून आणला होता. दिवे मालवले आणि लेकीच्या तोंडचं पाणी पळालं. सभागृहाच्या कोऱ्या पडद्यावर नुसत्या भिंती, निळी खिडकी कुठेच नव्हती. वडील जायला उठले.

"थांबवा," ती म्हणाली. "मला माझा पडदा लावायचाय."

व्यवस्थापकाच्या कपाळाला आठ्या पडल्या. "बाई, ही चादर आहे. तिला ठिगळ आहे."

"म्हणूनच."

शिडी आली, मला टांगलं. चित्र लहान झालं, पण पहिल्याच खोलीत निळी खिडकी उजळली. दारापाशी पोचलेले वडील वळले, पुढे आले आणि त्यांनी ठिगळावर हात ठेवला.

"सुई सापडत नव्हती तिला," ते म्हणाले. "मी ओरडलो, राहू दे, फाटकीच चालेल. निघताना ओरडलो गं मी तिच्यावर."

लेक त्यांच्या पायाशी बसली. "सांगा ना, बाबा."

ते सांगत राहिले. सिनेमा संपला, तरी कुणी उठलं नाही.

मित्रांनो, माझं सूत आता विरलं आहे. मला हलक्या हाताने धुवा, पण कुलपात ठेवू नका. तुमच्याही घरात कुणीतरी वर्षानुवर्षं गप्प असेल. त्याच्या हाताशी एखादी जुनी वस्तू ठेवा, शेजारी बसा आणि घाई करू नका.