चष्म्यावरचे टोपरे

मित्रांनो, तुम्ही मला कधी पाहिले नसेल, आणि पाहिले असते तरी ओळखले नसते. कॉम्प्युटरच्या पोटात राहणारी मी एक जुनी फाइल आहे. आभासी जग दाखवणारा तो जाडजूड चष्मा असतो ना, पट्ट्याने डोक्याला बांधायचा? त्याचे आणि खेळाचे बोलणे जुळवून देणे हे माझे काम. मान डावीकडे वळली की चष्मा मला सांगे, मी खेळाला सांगे, आणि समोरचा समुद्र सरके. जरा उशीर झाला तर मुलांना गरगरते, म्हणून मी कधी उशीर केला नाही. कौतुक मात्र नेहमी चष्म्याचेच झाले.

मला घडवणाऱ्यांनी माझ्यावर आपली सही केली होती. शाईची नव्हे, कॉम्प्युटरला वाचता येणारी. तिचा मला फार अभिमान होता.

आमच्या घरात चिमणी, तिचा पाळण्यातला भाऊ, आई आणि मामा राहत. चिमणीने खेळात समुद्राच्या तळाशी एक घर बांधले होते. खिडकीत मासे यायचे.

एकदा मामाने कॉम्प्युटरची साफसफाई काढली. "ही कसली अडगळ? कुणी उघडतसुद्धा नाही," म्हणत त्याने मला कचऱ्याच्या टोपलीत टाकले. खरेच आहे, मला कुणी उघडत नाही. मला फक्त हाक मारतात.

दुसऱ्या दिवशी चिमणीचा खेळ सुरू होईना. 'ही फाइल सापडत नाही,' असे पडद्यावर माझ्या नावासकट आले. मी टोपलीतच होते हो! पण मामाने तिथे पाहिलेच नाही. त्याने इंटरनेटवर माझे नाव शोधले, फुकट फाइली वाटणाऱ्या कुठल्याशा साइटवरून माझ्याच नावाची एक फाइल उतरवली आणि खेळाच्या फोल्डरमध्ये नेऊन ठेवली. खेळ चालू झाला.

"मामा म्हणजे मामा!" तो म्हणाला.

मला मात्र त्या पाहुणीचा संशय आला. ती माझे काम बरोबर करत होती, पण खेळ संपला तरी झोपत नव्हती. कुणाशी बरे बोलत असेल?

माझा संशय कुणाला कळणार? पण आईलाही तो आला. चष्मा खुंटीवर होता, खेळ बंद होता, तरी त्याच्या कॅमेऱ्याशेजारचा बारीक दिवा पेटलेला होता.

"हा का जळतोय रे?"

"चार्जिंगचा असेल. ताई, तुला तर फ्रिजच्या दिव्याचाही संशय येतो!"

"फ्रिजला डोळे नसतात. याला आहेत, आणि ते पाळण्याकडे आहेत."

तिने बाळाचे टोपरे काढून चष्म्यावर चढवले. "आता त्याला अंगाई पण म्हण," मामा हसला. आईने इंटरनेटची तार उपटली. दिवा विझला. पुन्हा जोडली, थोड्या वेळाने टोपऱ्याखाली पुन्हा उजेड दिसला. म्हणजे बाहेरून कुणीतरी बघत होते! तिने तार काढूनच ठेवली.

आता मामा हसेना. खेळासाठी एक फाइल उतरवल्याचे त्याने कबूल केले. आईने त्या पाहुणीची माहिती उघडली.

"नाव तेच आहे. बनवणाऱ्याची सही कुठाय?"

"फाइलला कसली सही?"

"असते. हिला नाहीये. कुठून आणलीस?"

मामाने मान खाली घातली. "मला वाटलं, नाव जुळलं म्हणजे झालं."

"अख्खा कॉम्प्युटर पुसायचा," आई म्हणाली, "आणि सगळं बनवणाऱ्यांकडूनच परत घ्यायचं. पासवर्डही बदलायचे."

चिमणी रडू लागली. "माझं घर जाईल!"

"ते आपण पुन्हा बांधू गं. मीपण येते समुद्रात. पण हे घर आधी."

"मग टोपलीतली जुनी फाइल?" मामाने विचारले.

"तीही नको. आता मला कुणाचीच खात्री नाही."

मित्रांनो, क्षणभर मला वाईट वाटले. मग पाळण्यातले बाळ खिदळलेले ऐकू आले, आणि वाटले, बरोबरच केले तिने. माझ्या जागी सही असलेली माझीच नवी बहीण येईल. तिला सांभाळा. ती हरवली तर तिच्या नावाची कुणीही आणून बसवू नका. जिथे ती घडली तिथूनच मागवा. आणि एखादा दिवा उगाच जळताना दिसला तर मोठ्यांना सांगा. ते हसले तरी सांगा.

पुसायचे काम आता सुरू होईल. चष्मा खुंटीवरच आहे. टोपरे जरा घसरले होते. आईने सांगायच्या आधीच मामा उठला आणि ते नीट ओढून त्याने बंद बांधले.