मध्यमेंदूतला काळा पट्टा

बकुळ पुणतांबेकरचा प्रबंध टाइप होऊन बांधायला जायचा तेवढा राहिला होता. फक्त सरांची सही हवी होती आणि ती काही केल्या मिळत नव्हती.

विषय होता उंदराचा मध्यमेंदू. पांढऱ्या उंदराच्या मेंदूतला हा मधला भाग तुरीच्या डाळीएवढा. तो मेणात बसवायचा, यंत्राचं चाक फिरवत त्याचे कागदाहून पातळ काप काढायचे, काचेवर चिकटवून जांभळे रंगवायचे आणि मग कोणत्या पेशींचा पुंजका कुठे सुरू होतो, कुठे संपतो, ते सूक्ष्मदर्शकातून बघून रेखाटायचं. डॉ. देवव्रत शेवडे कित्येक वर्षं असा संपूर्ण ॲटलस करत होते. बनारसच्या विद्यापीठात, शरीररचना विभागाच्या तळमजल्यावर, खिडक्यांना काळा कागद लावलेल्या एका खोलीत हे काम चाले. बकुळची चार वर्षं त्या खोलीत गेली होती. बाहेर ऊन आहे की धुकं, हे तिला जेवायला बाहेर पडल्यावरच कळायचं.

"मागच्या भागाचे काप तिरके आलेत," सर म्हणाले. "पुन्हा काप."

"सर, दिवाळीपासून मी तेच कापतेय. मला तरी सरळ दिसतात."

"तुला दिसतात. मला नाही दिसत."

पंचाण्णवचा जानेवारी चालू होता. बंगलोरच्या एका संस्थेनं तिच्यासाठी जागा राखून ठेवली होती, पण प्रबंध मार्चअखेर सादर झाला तरच. सरांना हे ठाऊक होतं. तिनं दोनदा आठवण केली तेव्हा त्यांनी नुसती मान हलवली होती.

घरी दुर्गाघाटावर तिनं वडिलांकडे, नरहरशास्त्रींकडे विषय काढला. ते नुकतेच एका यजमानाकडची पूजा आटपून आले होते आणि पाय धूत होते.

"गुरू थांब म्हणतात तर काही कारण असेल, बेटा."

"कारण सांगत नाहीत ना, बाबा!"

"मग विचार. पण भांडून नाही." एवढं बोलून ते आत गेले. त्यांच्यापुरता प्रश्न सुटला होता.

कारण तिला कळलं ते दारात. त्या दुपारी दोघं वाचनालयात जायला निघाली. बकुळ बाहेर आली, मागे वळून बघते तर सर उंबऱ्याशी उभे. वरचं अंग पुढे झुकलेलं, पाय मात्र जागच्या जागी. जणू बुटांचे तळवे फरशीला डकवलेत.

"सर, काय झालं?"

"काही नाही. तू हो पुढे."

ती गेली नाही. त्यांचा डावा हात कोटाच्या खिशात थरथरत होता, कापडाच्या आत काहीतरी जिवंत असल्यासारखा. थोड्या वेळानं त्यांनी चिखलातून उपसावा तसा एक पाय उचलला आणि ते बाहेर आले.

मग तिला एकेक गोष्ट जुळत गेली. दोन वर्षं सरांनी कापायच्या यंत्राला हात लावला नव्हता. चित्रांखाली ते नावं लिहीत, तेव्हा पहिलं अक्षर मोठं असायचं आणि ओळ संपेपर्यंत मुंगीएवढं व्हायचं. चेहऱ्यावर कधी काही उमटत नसे. विद्यार्थी त्यांना मागून 'पत्थर साहब' म्हणायचे आणि बकुळही एकदा त्यावर हसली होती.

मध्यमेंदूत पेशींचा एक पट्टा असतो. माणसात तो काळा दिसतो, उंदरात त्याला रंग नसतो, पण काम तेच, हालचाल मोकळी ठेवायचं. तिथल्या पेशी मरू लागल्या की माणूस आपल्याच शरीरात अडकत जातो. बकुळच्या प्रबंधातलं एक अख्खं प्रकरण या पट्ट्यावर होतं.

खोलीत परत आल्यावर तिनं दार लोटलं. "सर, केव्हापासून?"

त्यांनी नाही म्हणून पाहिलं नाही. "चार वर्षं असतील. लक्षणं दिसायला लागतात तोवर तिथल्या निम्म्याहून जास्त पेशी गेलेल्या असतात. तू लिहिलंयस की."

"औषध?"

"औषध घ्यायचं म्हणजे दुकानात जायचं. दुकानदाराला कळलं की अख्ख्या मंगला गौरी मोहल्ल्याला कळतं. मग विभागाला. शरीररचनेच्या प्राध्यापकाचा हातच चालत नाही म्हटल्यावर मला कोण ठेवील?" त्यांचा आवाज हल्ली फार हळू झाला होता, तिला पुढे वाकून ऐकावं लागे. "ॲटलसचा मागचा भाग राहिलाय. तुझ्यासारखा हात मला पुन्हा मिळायचा नाही. तेवढं होऊ दे, मग सही."

"म्हणजे माझे काप तिरके नाहीत?"

त्यांनी लोटलेल्या दाराकडे नजर टाकली. "कुणाला सांगू नकोस. घरी प्रभावतीला तर नाहीच. शब्द दे."

समोर बसलेल्या माणसाची तिला इतकी दया आली की तिनं शब्द दिला. संध्याकाळी विद्यापीठाबाहेरच्या लंका चौकातून टेंपोत बसल्यावर तिला कळलं, आपण स्वतःलाच कुलूप लावून घेतलंय.

त्यानंतर ती रोज कापत राहिली. चाक फिरवायची, मेणाची पट्टी कोमट पाण्यावर सोडायची, कापांना काचेवर घ्यायची. सर रोज बघायचे आणि काहीतरी खोट काढायचे. कधी ती विचार करी, सरळ विभागात जाऊन तक्रार करावी. पण काय सांगणार? खरं सांगितलं तर सर संपले, आणि खोटं तिला सांगता येत नव्हतं.

फेब्रुवारीत सरांनी घरी राहिलेली काही चित्रं आणायला तिला मंगला गौरीला पाठवलं. प्रभावतीकाकू परातीत मटार सोलत बसल्या होत्या. मुलगा नाही, मुलगी नाही, घरात दोघंच. बकुळही समोर बसून सोलू लागली.

"एक विचारू का गं?" काकू म्हणाल्या. "डिपार्टमेंटमध्ये पण हे असेच असतात?"

"कसे?"

"चेहऱ्यावर काही नाहीच. मी बोलते, हे नुसते बघतात. माझ्या भाचीच्या लग्नात सगळे हसत होते आणि हे असे, भिंतीसारखे. पहिले किती हसायचे! तीस वर्षांत माझं काय चुकलं, मला समजत नाही." त्यांनी पदरानं नाक पुसलं. "भाऊ ग्वाल्हेरला बोलावतोय. म्हणतो, इथेच राहा येऊन. होळीच्या आधी जाईन म्हणते. ह्यांना काय फरक पडणार?"

बकुळच्या हातातली शेंग तशीच राहिली. तिच्या मनात सरांचा दारात अडकलेला पाय आला, दिलेला शब्द आला, आणि मार्च महिना आला. आपण बोललो तर सही गेलीच समजायची. तिनं चित्रं उचलली, "येते काकू," म्हणाली आणि जिना उतरली.

पंचगंगा घाटाच्या गल्लीत वळेपर्यंत तिला वाटत होतं की हे आपलं काम नाही, नवरा-बायकोचं ते बघतील. पण काकू ग्वाल्हेरला बसून आयुष्यभर स्वतःची चूक शोधत राहणार, हे तिला सोसवेना. ती मागे फिरली. जिना पुन्हा चढली.

"काकू, सर तुमच्यावर नाराज नाहीत. त्यांना आजार आहे." मग तिनं सगळं सांगितलं, जितकं सोपं करून सांगता येईल तितकं. मेंदूतला पट्टा, हाताची थरथर, अडकणारे पाय. "चेहऱ्याचे स्नायू साथ देत नाहीत. आत हसू येतं, काकू. बाहेर पोचत नाही."

काकूंनी मटारची परात बाजूला सारली. "म्हणजे लग्नात ते हसत होते?"

"असतील."

"आणि मी आठ दिवस बोलले नाही त्यांच्याशी," काकू म्हणाल्या आणि रडू लागल्या.

दुसऱ्या दिवशी कापायच्या खोलीला कुलूप होतं. बकुळच्या सगळ्या काचा आत. सर वरच्या खोलीत बसले होते.

"तू मला शब्द दिला होतास."

"दिला होता, सर. मोडला. काकू घर सोडून चालल्या होत्या, ठाऊक होतं तुम्हाला?"

हे त्यांना ठाऊक नव्हतं. पण चेहरा तसाच राहिला, आणि धक्का बसला की राग आला, हे तिला ओळखता येईना.

"जा तू," ते म्हणाले.

"माझी सही?"

"जा म्हटलं ना."

मार्च असाच गेला. ती सकाळी घाटाच्या पायऱ्यांवर जाऊन बसायची, वडील विचारायचे, "आज विद्यापीठ नाही?" आणि ती काहीतरी सांगून वेळ मारून न्यायची. एकतीस तारीख उलटली. बंगलोरची जागा दुसऱ्या कुणाला मिळाली. त्या दिवशी तिनं पहिल्यांदा वडिलांना सगळं सांगितलं. ऐकून झाल्यावर नरहरशास्त्री म्हणाले, "मी तुला भांडू नकोस म्हटलं, ते चुकलं माझं."

एप्रिलच्या मध्यावर प्रभावतीकाकू स्वतः दुर्गाघाटावर आल्या. त्यांनी सरांना डॉक्टरकडे नेलं होतं, गोळ्या चालू केल्या होत्या आणि औषधाच्या दुकानात त्या स्वतः जात होत्या. "कुणाला कळलं तर कळू दे. चल, त्यांनी तुला बोलावलंय."

सर घरीच होते. बकुळला पाहून ते खुर्चीतून उठले, चटकन, आणि ते बघून ती चकितच झाली. प्रबंध मेजावर होता.

"बस," ते म्हणाले. आवाज जुना, ऐकू येणारा. "तुझे काप सरळ होते. डिसेंबरातच सरळ होते."

"मला माहीत होतं."

"तू गेलीस की काम संपलं, हे मला दिसत होतं. काम संपलं की मी संपलो. म्हणून अडवलं तुला." त्यांनी पेन उचललं आणि सही केली. हाताला जरा वेळ लागला, पण अक्षरं शेवटपर्यंत वाचता येत होती. "ॲटलसचा राहिलेला भाग…"

"मी करणार नाही, सर."

"ते विचारत नव्हतो. राहिलेला भाग राहू दे, असं म्हणत होतो. जेवढा झालाय तेवढाच छापीन."

बकुळनं प्रबंध छातीशी धरला. एरवी ती निघताना वाकून नमस्कार करायची. त्या दिवशी तिला वाकता आलं नाही, आणि काकूंनीही तिला आग्रह केला नाही.

पुढच्या वर्षी तिला लखनौला नोकरी मिळाली. पगार कमी, प्रयोगशाळा लहान, पण खिडक्या उघड्या. एका थंडीत काकू सरांना तिथल्या मोठ्या डॉक्टरांना दाखवायला घेऊन आल्या आणि बकुळकडेच उतरल्या. गोळ्यांचा असर आता थोडा वेळच टिकायचा. उरलेल्या वेळात काकू त्यांना भरवत, आणि ते भरवून घेत.

जेवताना सरांनी एकदम विचारलं, "तुझा राग आहे अजून?"

बकुळनं काकूंकडे पाहिलं. काकू मान खाली घालून भात कालवत होत्या.

"हो, सर. आहे."

"असू दे," ते म्हणाले. "मला आणखी थोडी कढी वाढ."

तिनं वाढली.