तानीच्या जाड शेणी

माझी थोरली जाऊ झुंबरबाई. मी तिला अक्का म्हणायची. गंगावेशीत आमच्या म्हशी, अन् गोठ्यात आम्ही दोघी जोडीनं शेणी थापायचो. अक्काच्या तोंडाचा पट्टा रोज सुरू. "ताने, किती जाड थापतीस गं! आतनं वाळत न्हाईत. नुसता धूर करत्यात!"

"माझ्या शेणी, माझा धूर," मी म्हणायची.

कोल्हापुरात माणूस शेणीवरच जळतं. मी माझ्यापुरत्या माळ्यावर रचून ठेवलेल्या, माझ्या हातच्या. होळीला पोरं स्मशानासाठी शेणी मागाय यायची, तरी त्यांतली एक दिली न्हाय. अक्का हसायची. "तुझ्या मातीला मी येणारच न्हाय बघ. डोळं चुरचुरतील माझं."

खरंच न्हाय यायची आता. आषाढात धार काढता काढता तिथंच कलंडली, ती उठलीच न्हाय.

पाऊस थांबंना. स्मशानात शेणी मिळतात की, पण अक्काला परक्या हाताच्या? मनाला पटंना. माळ्यावरच्या सगळ्या खाली काढल्या अन् टेम्पोत भराय लावल्या. तिचा पोरगा विश्वजित म्हणाला, "काकी, ह्या तू तुझ्यासाठी ठेवलेल्यास न्हवं?"

"गप. ताडपत्री बांध वर."

अक्का चेष्टेत म्हणायची तेवढंच, आमच्यात बायका स्मशानात जातच न्हाईत. घरात बसून जिवाला एकच घोर. आई अंबाबाई, आज तेवढा धूर होऊ देऊ नगंस. जन्मभर माझ्या धुराला नावं ठेवली तिनं, आता जाताना तरी सुखानं जाऊ दे.

विश्वजित परत आला. त्याला न्हाणीपाशीच गाठला. "कसं पेटलं रं?"

"झकास, काकी. भडाभडा."

डोळं लालभडक झालेलं. पदरानं त्याचं तोंड पुसलं. "लय रडलास व्हय रं लेकरा?"

"न्हाय गं, धुरानं—" म्हणाला अन् जीभ चावली.

मला हसूच फुटलं. सुतकाच्या घरात, चारचौघींच्या देखत! "जाता जाता जिंकली की भवानी!" पोरगंबी हसाय लागलं. शेजारणी एकमेकींकडं बघत राहिल्या.

दुसऱ्या दिवशी गोठ्यात शेण तसंच पडलेलं, माळा रिकामा. पाटी ओढली अन् थापाय बसले. पहिलीच शेणी जाड झाली. हात तिच्यावर तसाच ठेवून थांबले. कुणी ओरडंना. तवा कुठं मला रडू आलं, अन् असं आलं की म्हशी माना वळवून बघाय लागल्या.

मग त्यातलं निम्मं शेण काढलं अन् पातळ थापली.