कागदावरची पेशंट

मांजर हा प्राणी मला मुळीच आवडत नाही. तरीही आखातातल्या अल कुसैसच्या आमच्या बिल्डिंगच्या ऑफिसात मी बिस्किट नावाचा बोका मांडीवर घेऊन बसले होते, कारण कागदोपत्री त्याच्यावाचून माझा जीव घाबरा होत होता.

खरं तर जीव घाबरा होतो माझ्या सान्वीचा. सोळा वर्षांची पोर. वर्गात, परीक्षेला, कधी नुसती बसल्या बसल्या श्वास अडकतो, ओठ पांढरे पडतात. बिस्किटला छातीशी धरलं की हळूहळू सावरते. पण बिल्डिंगमध्ये प्राणी पाळायला बंदी. शेजाऱ्यांनी तक्रार केली आणि ऑफिसने बजावलं, डॉक्टरांचं पत्र आणा, नाहीतर बोका बाहेर.

पत्र सान्वीच्या नावाने घ्यायचं, इतकी सरळ गोष्ट. पण सान्वीचे बाबा, आमचे सूर्यकांतराव, आडवे आले.

"एकदा पोरीच्या रेकॉर्डला लागलं की खलास! ॲडमिशन, व्हिसा, उद्या लग्न. तुझ्या नावाने घे. तुझं काय, सगळं होऊन गेलंय."

सगळं होऊन गेलंय म्हणे! तळपायाची आग मस्तकात गेली. पण मला ते पटलंही, आणि डॉक्टरांपुढे बसून मी लेकीची लक्षणं माझी म्हणून घडाघडा सांगितली.

बिल्डिंगचे मॅनेजर तहासाहेब ते पत्र उलटंपालटं करून बघत होते.

"मॅडम, ऐसे लेटर बहुत आते हैं. लोग नेट से निकालते हैं. इसलिए पेशंट और बिल्ली, दोनों को बुलाया. कब से है तकलीफ?"

"दो साल से," मी म्हणाले.

सान्वी शेजारच्या खुर्चीवर होती. तिच्याशिवाय बिस्किट घराबाहेर पडत नाही, म्हणून तिला आणावंच लागलं. मी भांडं घासल्यासारखी त्याची पाठ चोळत होते. तो एकटक तिच्याकडे बघत होता.

तेवढ्यात तो आवाज आला. श्वास आत ओढल्याचा, अर्ध्यातच तुटलेला. सान्वीने खुर्ची घट्ट धरली होती. बिस्किट तिच्याकडे झेपावला आणि मी त्याला दोन्ही हातांनी दाबून धरलं.

तहासाहेब आमच्याकडेच बघत होते. सोडला तर खोटं उघडं पडणार आणि बोका आजच जाणार. माझी पोर हाताच्या अंतरावर गुदमरत होती आणि तिचा आधार मी मांडीवर आवळून बसले होते. स्वतःची इतकी किळस मला कधी आली नव्हती.

मी हात सैल केले. खरंच केले. पण सान्वीने मान हलवली. नको.

"बेटी ठीक है?"

"आय ॲम फाइन, अंकल," एकेक शब्द ओढत ती म्हणाली.

तहासाहेबांनी शिक्का मारला. "रख लीजिए. लेकिन परमिशन आपके नाम पर है. बाहर बिल्ली आपके ही हाथ में दिखनी चाहिए. कॅमेरे में सब दिखता है."

लॉबीत येताच मी बोका तिच्यापुढे केला. "घे गं, लवकर घे."

तिने छताकडे बघितलं आणि हात पाठीमागे नेले. "नॉट हिअर, आई. दे आर वॉचिंग."

लिफ्टचं दार बंद झालं. आतही कॅमेरा होता. सान्वी कोपऱ्यात भिंतीला टेकून श्वास शोधत राहिली आणि मी तिचा बोका छातीशी धरून उभी राहिले.