एकदाच वाजणारा

मी एक पिचपाइप. अनारशाएवढा गोल, कडेला तेरा भोकं, प्रत्येकात एक सूर. कॉव्हेंट्रीतल्या रॉजर नावाच्या निवृत्त बसड्रायव्हरच्या खिशात, खोकल्याच्या गोळ्यांशेजारी माझा मुक्काम असतो.

रॉजर आणि त्याचे तीन साथीदार बार्बरशॉप गातात. नावात न्हाव्याचं दुकान असलं तरी कात्री कुणाच्याच हातात नसते. चार गळे, चार वेगळे सूर, वाद्य एकही नाही. सुरुवातीला मला एकदाच फुंकतात. गाणं संपलं की पुन्हा फुंकून बघतात, सूर जागेवर आहे की घसरला. मी खरं तेच सांगतो. स्वभावच फटकळ, त्याला काय करणार.

मागच्या वर्षी एक गडी स्पेनला राहायला गेला आणि खर्जाला डॉक्टर शशिधर आले. रॉजरचा गुडघा त्यांनीच बदलला होता. लहानपणापासून तंबोऱ्यावर गायलेला माणूस. पहिल्याच तालमीत ते दर ओळीनंतर मला फुंकू लागले.

"शॅश, वन्स इज इनफ, मेट," म्हणत रॉजरने मला काढून घेतलं.

मग दर वेळी तेच. डॉक्टर घसरायचे आणि बाकीचे तिघे त्यांच्या मागोमाग. शेवटी मी वाजलो की सगळ्यांचे चेहरे पडायचे. मला फार वाईट वाटायचं, पण खोटं वाजता येत नाही.

शनिवारच्या स्पर्धेआधीची तालीम डॉक्टरांच्या किचनमध्ये झाली. तीही घसरली. मला टेबलावरच विसरून तिघे गार्डनमध्ये गेल्यावर डॉक्टर बायकोला म्हणाले, "अलका, शनिवारी मी ड्रॉप आउट होतो. माझ्यामुळे सगळे फ्लॅट जातायत."

अलकाताई चहा गाळत होत्या. "अहो, तुम्ही अजून तंबोऱ्याची वाट बघताय. ते तिघं आहेत ना, तोच तुमचा तंबोरा. त्यांच्याकडे कान ठेवा."

शनिवारी रॉजरने मला फुंकलं आणि खिशात टाकलं. डॉक्टर आज कान देऊन गात होते. शेवटच्या सुरावर चार आवाज असे जुळले, की वर हवेत पाचवाच सूर ऐकू आला. या सुरासाठीच बार्बरशॉपवाले जीव टाकतात. क्षणभर मला वाटलं, मीच वाजलो की काय.

स्टेजमागे डॉक्टरांनी मला मागून घेतलं आणि भीत भीत फुंकलं. सूर जिथल्या तिथे होता. त्यांचे डोळे भरून आले, माझाही आवाज जरा ओलाच निघाला.

स्पर्धेत चारच संघ होते आणि आमचा नंबर चौथा आला. त्या आनंदात सगळे पबमध्ये गेले.

तुम्हीही कधी चौघांत गाणार असाल, तर मला एकदा फुंका आणि खिशात टाका. तिथून मला सगळं नीट ऐकू येतं.