टाचेपर्यंतचा मोजा

हेस्टर विंटल तीस वर्षं सिनेमात होती, पण तिचा चेहरा पडदाभर एकदाही दिसला नव्हता. मोलकरीण, नर्स, घरमालकीण, असंच काहीबाही. "माझा चहाचा ट्रे मात्र साऱ्या इंग्लंडच्या ओळखीचा आहे," ती म्हणायची.

त्या वसंतात तिला एका खुनाच्या चित्रपटात मावशीचं काम मिळालं. मोजा विणता विणता मावशी भाच्याविरुद्ध साक्ष देते आणि कॅमेरा हातांवरून चेहऱ्यावर येतो.

स्टुडिओत प्रसंगांचा मेळ राखायचं काम माझं. नंतरचा प्रसंग आधी घेतला जातो, म्हणून मेणबत्ती कुठवर जळली, कुणाच्या हातात काय होतं, सगळं वहीत टिपायचं.

शुक्रवारी सकाळची प्रार्थना आटोपून आले, तर हेस्टरच्या मांडीवरचा मोजा पाहून तशीच वही उघडली. गुरुवारी कथेचा शेवट घेतला तेव्हा तो टाचेला टेकला होता. आज घ्यायचा साक्षीचा प्रसंग कथेत त्याच्या दोन दिवस आधीचा, म्हणजे मोजा टाचेच्या वरच हवा; आणि हा तर बोटांपर्यंत पोचलेला.

"अगं, हे काय केलंस?"

"वाट बघत बसले होते. हात रिकामे राहवत नाहीत गं."

दिग्दर्शक मिस्टर रॅडली म्हणाले, "बाई, तुमचे हात बांधून ठेवायला हवे होते. राहू दे विणकाम. दुरूनच घेऊ."

मीच म्हटलं, "चहाच्या सुट्टीएवढा वेळ द्या, साहेब."

"वीस मिनिटं. त्याहून उशीर झाला तर दुरूनच."

शुक्रवारी माझा उपास, चहाही घेत नाही, ते बरंच झालं. ती उसवत गेली, मी लोकर गुंडाळली. या प्रसंगासाठी वहीत चार इंच लिहिले होते. तिथे थांबून दोघींनी एकेक टाका सुयांवर चढवला.

कॅमेरा सुरू झाला. दुसऱ्या वाक्याला एक टाका सुटला. हेस्टरचा आवाज हलला नाही. "त्या दिवशी तो घरी नव्हता," म्हणत तिने सुईच्या टोकाने टाका उचलला आणि मग सावकाश मान वर केली.

"टाका सुटायचं ठरलं होतं का?" रॅडलींनी विचारलं.

"नाही, साहेब. आपोआप सुटला."

ते माझ्याकडे वळले. "मेळ बसतो?"

मी मोजा हातात घेऊन नीट पाहिला. "चार इंच. भोकही राहिलं नाही. बसतो."

"मग पुन्हा नको. हेच ठेवू."

हेस्टरने मला कोपऱ्यात ओढलं. "जवळूनच घेतलं ना गं?"

"नाकावरची पावडरसुद्धा दिसेल."

"अरे देवा," ती म्हणाली आणि तोंडावर हात ठेवून हसत सुटली.