नव्याच्या भातावर चीज

कमळाबाईने एकदा मनावर घेतलं की घेतलं. मग समोर तिचा नवरा हरिचंद्र असो, नाहीतर साक्षात यमराज. त्यानेही चपला बाहेर काढून गपचूप ओट्यावर बसावं आणि हाक येईल तेव्हाच आत यावं. हेंद्रेपाड्यात हे सगळ्यांना ठाऊक होतं. यंदा तिने मनावर घेतलं होतं की नव्याचा भात पोरांनी ताटं चाटूनपुसून खाल्ला पाहिजे.

आता नव्याचा भात म्हणजे काय, ते सांगायला हवं. त्यांच्या घरात दिवाळी उलटली, झोडणी झाली, की पहिलं पोतं गिरणीतून कांडून आणायचं आणि येणाऱ्या रविवारी त्याची हंडी चढवायची. देवाला मूद दाखवायची, मग घरचे, लेकीबाळी, नातवंडं, सगळ्यांनी एका पंगतीला बसून तो भात खायचा. त्याआधी नव्या तांदळाचा दाणा कुणाच्या घरी जायचा नाही. आणि आणखी एक. नव्याची हंडी एकदाच चढते. करपली तरी तीच, कच्ची राहिली तरी तीच. टाकायची नाही आणि दुसरी चढवायची नाही. हरिचंद्रच्या आजीच्याही आधीपासून हे चालत आलं होतं आणि कमळाबाईने ते कधी मोडलं नव्हतं.

गेल्या वर्षीची पंगत मात्र तिच्या डोळ्यांसमोरून हलत नव्हती. इराने, तिच्या सख्ख्या नातीने, दोन घास चिवडले आणि म्हणाली, "आजोबा, हा राइस किती जाडा आहे! मला आपला नेहमीचा हवा." नेहमीचा म्हणजे दुकानातला, पिशवीतला, लांब दाण्याचा. अंबरनाथहून हरिचंद्रची थोरली बहीण बनूबाई आली होती; तिच्या नातवांनी, प्रज्वल आणि विनीतने, वरण तेवढं भुरकलं आणि भात तसाच ठेवला. हरिचंद्रने एकेक ताट पुढे ओढलं आणि पोरांचा उष्टा भात मुकाट्याने स्वतः संपवला. बाई गं! कमळाबाईला वाटलं, एकेकाला धरून बदडावं. पण बदडून कधी कुणाला जेवण गोड लागलंय?

यंदा झोडणी झाली तेव्हा खळ्यावर उभ्या उभ्या हरिचंद्र म्हणाला, "हे शेवटचं. कुणासाठी पिकवायचं? चंदर जागा मागतोय, देऊन टाकू."

चंदर म्हणजे मांजर्लीकडचा नर्सरीवाला. माणूस वाईट नव्हता. त्याला कुंड्या मांडायला जागा हवी होती, आणि चहूकडून बिल्डिंगी उठल्या तरी हरिचंद्रचं ते एवढंसं शेत अजून मोकळं राहिलं होतं. "नव्याच्या रविवारी जेवणं उरकली की ये, पक्कं सांगतो," असं हरिचंद्रने त्याला सांगूनही टाकलं.

देऊन टाकू म्हणे! जसं काही ते शेत एकट्या ह्याच्याच बापाचं. होतं ह्याच्याच बापाचं, ते खरं. पण लावणीला चिखलात वाकायचं कुणी? कमळाबाईने. बेणणीला, कापणीला, झोडणीला कंबर कुणाची गेली? तिचीच. कंबर गेली, पण शेत तिने जाऊ दिलं नव्हतं. आता ते कुंड्यांना द्यायचं? पण नवरा रागावून बोलत नव्हता, दुखावून बोलत होता, हे तिला कळत होतं. रागावलेल्या माणसाशी भांडता येतं. दुखावलेल्या माणसाला काय सांगणार? यंदाही ताटं तशीच परत आली तर विषय संपलाच.

उपाय सुचवला तो इरानेच, आणि तिला पत्ताही नव्हता. समोरच्या टॉवरमधल्या मैत्रिणीच्या वाढदिवसाला जाऊन आली आणि घरभर नाचत म्हणाली, "मम्मी, तिकडे बेक्ड राइस होता! एकदम भारी!"

कमळाबाईने कान टवकारले. "राइस म्हणजे भातच ना गं?"

"हो आजी, पण वर चीज असतं. असं ताणलं जातं!" इराने दोन्ही हात लांब केले.

"आणि तू खाल्लास?"

"दोनदा घेतला."

झालं. कमळाबाईने सुनेला हाक मारली. जिज्ञासाकडे ओव्हन होता. उल्हासनगरच्या बाजारातून सिंधी दुकानदाराशी तासभर घासाघीस करून तिने तो आणला होता, त्यात दोन केक केले होते, आणि आता त्याच्या पोटात बिस्किटांचे पुडे राहत होते. "ती तुजी पेटी पुसून ठेव," कमळाबाई म्हणाली, "नव्याचा भात त्यात करायचाय."

जिज्ञासा बघतच राहिली. "आई, बाबा काय म्हणतील?"

बाबा काय म्हणायचे ते म्हणालेच. "नव्याच्या भातावर चीज? कमळे, डोकं फिरलंय का तुजं?"

"देवाची मूद साधीच काढीन. देव कुरकुर करत नाय. माणसांना मी देईन तसा." एवढं बोलून तिने पाठ फिरवली. हरिचंद्र ओट्यावर जाऊन बसला.

रविवारी सकाळी स्वयंपाकघरात नुसती गडबड. जिज्ञासाने मोबाइल तांदळाच्या डब्याला टेकवून व्हिडिओ लावला. त्यातली बाई गोड आवाजात सांगत होती: एक वाटी तांदूळ, दोन वाट्या पाणी, मग भात मोकळा करून ताटात पसरा. कमळाबाईने जन्मात कधी वाटीने पाणी मोजलं नव्हतं. बोट बुडवायचं, पेरं बघायचं, संपलं. पण आज पदार्थ परका, पेटी परकी. तिने मनाशी म्हटलं, ही बाई रोज करते, हिचं ऐकावं. मोजून दोन वाट्यांच्या हिशेबाने पाणी ओतलं, झाकण ठेवलं आणि जिज्ञासाला मका सोलायला, गाजर-सिमला मिरची बारीक चिरायला बसवलं.

झाकण उघडलं आणि तिने कपाळावर हात मारला. हंडीत भात नव्हताच. गिचका होता नुसता.

नवा तांदूळ! खळ्यावरून आत्ता आलेला, ओलाव्याचा; त्याला पाणी हात राखून घालायचं असतं. हे तिने पाड्यातल्या प्रत्येक नव्या नवरीला दमात घेऊन शिकवलं होतं. व्हिडिओतल्या बाईचा तांदूळ जुना, कोरडा, पिशवीतला. त्याला दोन वाट्या चालतात. एवढं साधं तिला आजच कसं सुचलं नाही?

आणि नेमकी त्याच क्षणी बनूबाई आत आली. दोन्ही नातवंडं घेऊन अंबरनाथच्या शिवमंदिराजवळून रिक्षाने आलेली, अजून धापा टाकत. तिने हंडीत वाकून पाहिलं आणि पदर तोंडाला लावून अशी हसली की हातातल्या बांगड्या वाजल्या. "अगं कमळे! माज्या सुनेला पाण्यावरून रडवलं होतंस ना तू? आणि हे काय? पोरांना भात देतेस की खिमट?"

"वन्सं, बसा. पाणी प्या," कमळाबाई दात आवळून म्हणाली.

जिज्ञासा बिचारी कावरीबावरी झाली. "आई, घाबरू नका. घरात बासमती आहे. पटकन कुकर लावते, कुणाला कळणारही नाही."

तशी कमळाबाई उसळली. "मना कळंल ना! नव्याच्या दिवशी दुकानाचा तांदूळ? मग चंदरला आत्ताच बोलवा, सांगा, घे बाबा शेत!" आवाज ओट्यापर्यंत गेला असावा, कारण बाहेर हरिचंद्र खोकला. जिज्ञासाचा चेहरा पडला. कमळाबाईला लगेच वाईट वाटलं. पोरगी भल्यासाठीच बोलत होती. तिने सुनेच्या पाठीवर हात ठेवला. "तुज्यावर नाय गं चिडले. माज्यावर चिडले. हंडी एकदाच चढते. आता हीच पार पाडायची."

देवाची मूद काढली. गिचक्याचीही मूद छान पडली, हे बघून तिला जरा धीर आला. मग तिने एक चमचा भात तोंडात टाकला. मऊ होता, पण काय गोड! काय वास! शेताच्या बांधावर उभं राहिल्यासारखं वाटलं. ह्या भाताला नावं ठेवणारा जन्मायचाय, ती मनात म्हणाली, आणि तिचा हात पुन्हा तिचा झाला.

"आई, आता व्हाइट सॉस. मैदा, बटर, दूध..." जिज्ञासाने कढई घेतली.

"राहू दे तुजी मैद्याची पेज. ह्याची पेज ह्याच्यातच हाय. मैद्याशिवाय घट्ट धरंल बघ. फक्त दूध दे थोडं."

तिने लसूण आणि हिरवी मिरची ठेचली, लोण्यावर कांदा परतला, मका, गाजर, सिमला मिरची टाकली आणि ते सगळं भातात कालवलं. चीज किसायला बनूबाईला बसवलं. हसायला आली होती ना, आता किसा म्हणावं. बनूबाई किसता किसता गपागप खातही होती. मग पेटीत मावतील अशा दोन जर्मनच्या, म्हणजे ॲल्युमिनियमच्या, थाळ्यांना लोणी फासून, पाटवडीचं पीठ थापावं तसा कमळाबाईने भात पातळ थापला. वर चीज, चीजवर चिमूटभर घरचा लाल मसाला. व्हिडिओतल्या बाईने सांगितलेल्या वेळेला भात वर पिवळा झाला. जिज्ञासा म्हणाली, "आई, झालं."

"नाय झालं. ओला हाय अजून. खरवड धरू दे, कडा कुरकुरीत होऊ दे."

"बाबांच्या पंगतीची वेळ होईल."

"होऊ दे."

पेटीच्या काचेपुढे मग ती पाट घेऊन बसलीच. आत चीज फुगत होतं, बुडबुडत होतं, कडेला तांबूस होत होतं. इरा, प्रज्वल, विनीत तिच्या पाठीमागे येऊन उभे राहिले. विनीतने विचारलं, "आजी, अजून किती वेळ?" त्या पोराने गेल्या वर्षी जेवायला यायला चार हाका मारायला लावल्या होत्या!

पहिली थाळी बाहेर काढली तेव्हा कडा कुरकुरीत झाल्या होत्या आणि सुरी घातली तर चौकोनी वड्या सुबक सुटल्या. आतून लोण्यासारखा मऊ. वडी उचलली की चीज पार ताटापर्यंत लोंबायचं. हरिचंद्रने आधी देवापुढची साध्या भाताची मूद पानात घेतली, रीतीप्रमाणे पहिला घास त्याने खाल्ला, आणि मग पंगत सुरू झाली.

वाढता वाढता कमळाबाई एकेकाच्या ताटाकडे चोरून बघत होती. इराची वडी गेली. प्रज्वलची गेली. मग कडेच्या कुरकुरीत तुकड्यावरून प्रज्वल आणि विनीतची अशी जुंपली की जिज्ञासाचा नवरा कल्पेश ओरडला आणि त्या गोंधळात त्यानेच तो तुकडा स्वतःच्या तोंडात टाकला. बनूबाईने तिसऱ्यांदा ताट पुढे केलं. "खिमट चांगलं झालंय हो," ती म्हणाली. कमळाबाईने मुद्दाम तिला मधला सगळ्यात मोठा तुकडा वाढला. घ्या वन्सं, पोटभर घ्या!

इराने बोटं चाटली. "आजोबा, हा आपल्याच शेतातला राइस ना? त्या मैत्रिणीकडचा सुटा सुटा पडत होता. आपला मस्त धरतो. मी तिला सांगू का, हे आमच्या शेतात होतं?"

हरिचंद्रने मान हलवली. त्याच्या पानात चीजच्या वडीची जागा रिकामीच होती. "सगळ्यांचं होऊ दे, मग घेतो," म्हणत तो पोरांनाच सरकवत राहिला होता. दुसरी थाळीही संपली. कमळाबाईने त्याच्यासाठी एकच तुकडा बाजूला झाकून ठेवला होता, त्यावर पोरांचा डोळा होता आणि तिचा पोरांवर.

तेवढ्यात फाटक वाजलं. चंदर आला होता.

कमळाबाईचे हात जागीच थांबले. हरिचंद्र हात धुऊन ओट्यावर गेला. बाहेरून पावसापाण्याच्या गोष्टी ऐकू आल्या, मग हरिचंद्रची हाक आली, "कमळे, तो एक तुकडा राहिलाय ना? आण बाहेर."

ती बशी घेऊन गेली. हरिचंद्रने बशी तिच्या हातातून घेतली आणि सरळ चंदरपुढे धरली. "खा. नव्याचा हाय. आपल्या शेतातला."

चंदरने खाल्ला. डोळे मोठे केले, उरलेलं चीज बोटाने पुसून घेतलं. "काका, काय चव हाय! कुठला म्हणालात तांदूळ?" मग बशी खाली ठेवून त्याने हळूच विचारलं, "मग जागेचं काय ठरलं?"

"ती जागा मोकळी नाय चंदर," हरिचंद्र म्हणाला. "पोरं जेवतात तिच्यावर."

चंदरने आत पाहिलं. दारात तीन डोकी एकावर एक रचल्यासारखी डोकावत होती. तो हसला, "बरोबर हाय काका," म्हणाला आणि थोड्या वेळाने चहा पिऊन गेला.

कमळाबाईचा ऊर असा भरून आला की तिला बशी उचलायचंही भान राहिलं नाही. अख्ख्या पाड्याला ओरडून सांगावं असं तिला वाटत होतं. पण ती कमळाबाईच. कुठल्याही बायकोसारखी आधी नवऱ्यावरच घसरली. "अहो, तुमच्या वाट्याचा तुकडा त्याला दिलात! तुम्ही तर चाखलाच नाय!"

हरिचंद्रने खांद्यावरचा पंचा झटकला. "राहू दे. पुढल्या वर्षी खाईन."